गुत्ता, कुऱ्हाड आणि मतपत्रिका : 'ट्रेझर्स ३' हा मूकपट-संच ठाण्यात दाखवायचा असेल तर

'ट्रेझर्स ३ : सोशल इश्यूज इन अमेरिकन फिल्म, १९००–१९३४' हा नॅशनल फिल्म प्रिझर्व्हेशन फाउंडेशन या जुने चित्रपट जपणाऱ्या अमेरिकन संस्थेचा २००७ सालचा संच. चार डीव्हीडी, ४८ चित्रपट, बारा तासांहून जास्त ऐवज आणि सोबत सुमारे २०० पानांचं टिपणांचं पुस्तक. स्त्रियांचा मताधिकार आणि दारूबंदी या दोन चळवळींची सुरुवातीच्या मूकपटांनी कशी थट्टा केली, हे पाहायचं असेल तर 'न्यू विमेन' नावाची दुसरी डिस्क हवीच. मात्र या विषयावरचे विनोदी पट आणि त्यांना लागून येणारी वृत्तचित्राची फीत मिळून वीस मिनिटांच्या आसपासच भरतात. हे परीक्षण त्या वीस मिनिटांचं आहे. सोसायटीचं क्लबहाउस, कॉलेजचा फिल्म क्लब किंवा वाचनालयाचं सभागृह अशा ठिकाणी हे पट लावू पाहणाऱ्यांना उपयोगी पडेल एवढंच त्यात घेतलं आहे.

सगळ्यात आधी 'कॅन्सस सलून स्मॅशर्स' पाहावा. एडिसन कंपनी, १९०१, जेमतेम एक मिनिट. कॅमेरा एकाच जागी, दृश्यही एकच. गुत्त्यात गिऱ्हाईक उभं आहे, गुत्तेवाला पेले भरतोय. तेवढ्यात हातात कुऱ्हाडी घेतलेल्या बायका घुसतात आणि आरसा, बाटल्या, पेले, हाताला लागेल ते फोडतात. गुत्तेवाला सोड्याच्या बाटलीतून पुढारी बाईच्या तोंडावर फवारा मारतो आणि शेवटी पोलीस येऊन बायकांना हुसकावतो. यातली पुढारी म्हणजे दारूबंदीसाठी गुत्ते फोडणारी कार्यकर्ती कॅरी नेशन. तिनं १९००च्या डिसेंबरात विचिटा शहरातल्या हॉटेल कॅरीचा बार फोडला होता आणि दोन महिन्यांच्या आत तो प्रसंग पडद्यावर आला. बातमी ताजी असताना तिचा तमाशा करून विकायचा, हा धंदा सिनेमाच्या जन्माइतकाच जुना आहे.

हा पट नुसता लावून चालत नाही. प्रेक्षकाला दिसते फक्त मोडतोड. बाई वेडी, गुत्तेवाला बिचारा. म्हणून आधी दोन वाक्यांत संदर्भ द्यायला हवा. अमेरिकेतल्या कॅन्सस राज्यात १८८०च्या घटनादुरुस्तीनं दारूबंदी झाली होती, म्हणजे ज्या गुत्त्यांवर कुऱ्हाड पडत होती ते मुळातच बेकायदा होते आणि पोलीस तिकडे डोळेझाक करत होते. हे कळलं की शेवटी येणाऱ्या पोलिसाकडे पाहण्याची नजर बदलते. बाईला अनेकदा अटक झाली. दंड भरण्यासाठी ती भाषणं द्यायची आणि आठवण म्हणून छोट्या कुऱ्हाडीच्या पिना विकायची.

त्याच कॅन्ससमधली आणखी एक खरी गोष्ट प्रास्ताविकात जरूर सांगावी. १८८७ साली तिथल्या बायकांना नगरपालिकेच्या निवडणुकीत मत मिळालं. त्याच वर्षी आर्गोनिया गावात दारूबंदीवाल्या बायकांची फजिती करायची म्हणून काही पुरुषांनी सुझॅना साल्टर या त्यांच्यातल्याच एका बाईचं नाव नगराध्यक्षपदासाठी मतपत्रिकेवर घातलं. तिला विचारलंसुद्धा नव्हतं. ती निवडून आली आणि अमेरिकेतली पहिली महिला नगराध्यक्ष ठरली. या संचातल्या जवळजवळ प्रत्येक विनोदी पटामागे हीच थट्टा आहे. फक्त पटांमध्ये ती थट्टा करणाऱ्यांवर उलटत नाही.

जोडीला 'व्हाय मिस्टर नेशन वॉन्ट्स अ डिव्होर्स' आहे. तोही १९०१चा आणि दोनेक मिनिटांचा. बाई चळवळीला बाहेर, नवरा रात्री घरात रडतं पोर सांभाळतोय. तो वैतागून बाटली तोंडाला लावतो, तेवढ्यात बायको येते आणि त्याला मांडीवर आडवा घेऊन बडवते. कॅरी नेशनचा घटस्फोट खरोखरच त्याच वर्षी झाला. मराठी प्रेक्षकाला इथे लगेच 'एकच प्याला' आठवेल आणि तो आठवू द्यावा. गडकऱ्यांचं नाटक १९१९ साली रंगभूमीवर आलं, त्याच वर्षी अमेरिकेत दारूबंदीच्या घटनादुरुस्तीला मान्यता मिळाली. आपल्याकडे दारूचं नाटक म्हणजे सिंधूचं मुकाट सोसणं आणि प्रेक्षकांच्या डोळ्यांत पाणी. तिकडे तोच विषय प्रहसन झाला, कारण त्यांच्या नायिकेनं सोसायचं नाकारलं होतं. तलावपाळीला गडकरी रंगायतनाशेजारून रोज जाणाऱ्या ठाणेकरांना ही तुलना समजावून सांगावी लागणार नाही.

मताधिकारावरचे पट तीन. 'द स्ट्राँग आर्म स्क्वॉड ऑफ द फ्यूचर' हे १९१२च्या सुमाराचं मिनिटभराचं व्यंगचित्र. उद्याच्या महिला पोलिसांची परेड, प्रत्येकीचं रूप वेडंवाकडं काढलेलं. एकदा पाहून सोडून द्यावं असं. 'अ लाइव्हली अफेअर' त्याच काळातला, सात मिनिटांचा. घरकाम आणि पोरं नवऱ्यांच्या गळ्यात टाकून बायका एकत्र जमतात, सभेच्या नावाखाली पत्त्यांचा डाव मांडतात, भांडणं होतात आणि वरात कोठडीत. हेतू उघड आहे : बाई घराबाहेर पडली की घर बुडतं. तरी पट जपून पाहिला तर बनवणाऱ्यांच्या हातून निसटलेलं काहीतरी दिसतं. त्या बायका मजा करताहेत. त्यांचं बसणं, हसणं, भांडणं सगळं मोकळं आहे, आणि कंटाळवाणे दिसतात ते घरचे नवरे.

तिसरा 'अ सफ्रजेट इन स्पाइट ऑफ हिमसेल्फ' (१९१२, आठेक मिनिटं) हा या तिन्हींतला उत्तम. एडिसन कंपनीनं तो लंडनमध्ये चित्रित केला. मताधिकाराला कडवा विरोध करणारा एक गृहस्थ फिरायला निघतो आणि पोरं त्याच्या पाठीवर मताधिकाराच्या मागणीची पाटी चिकटवतात. रस्त्यातला जो तो त्याच्याकडे वेगळ्याच नजरेनं पाहतो, अंगावर येतो. त्याला मात्र कारण कळत नाही. इथे विनोदाची कळ नेमकी उलटी फिरली आहे. मागणी करणाऱ्या बाईला रस्त्यावर रोज जे भोगावं लागत होतं, ते थोड्या वेळासाठी एका पुरुषाला भोगावं लागतं. १९१२चं खरंखुरं लंडनही मागे दिसत राहतं.

आता भाषांतर. मराठीत हे पट दाखवताना सगळ्यात जास्त घोळ इथे होतो. 'सलून' तसंच ठेवलं तर ठाण्यातला प्रेक्षक केस कापायचं दुकान समजणार आणि बायका न्हाव्यावर का चिडल्या या कोड्यात पडणार. 'गुत्ता' हा शब्द आपल्याकडे आहे, तोच वापरावा. 'बार' म्हटलं की आजचा लेडीज बार किंवा परमिट रूम डोळ्यांपुढे येते. पाटीवरची घोषणा 'बायकांना मत द्या' अशी केली तर त्याचा अर्थ 'महिला उमेदवारांना निवडून द्या' असा होतो, निवडणुकीच्या दिवसांत तर नक्कीच. 'बायकांना मताधिकार हवा' हेच बरोबर. 'सफ्रजेट' हा शब्द त्याहून अवघड. १९०६ साली लंडनच्या 'डेली मेल'नं चिडवण्यासाठी तो घडवला आणि आंदोलक बायकांनी तोच अभिमानानं स्वीकारला. 'मताधिकारवादी स्त्री' म्हटलं की अर्थ येतो पण चिडवणं हरवतं. आमची सूचना 'मतवाली'. मत मागणारी ती मतवाली, आणि नशेत झिंगलेली तीही मतवाली. ज्या विषयात मत आणि मद्य एकाच मुठीत आहेत, तिथे हा शब्द दोन्हीकडून बसतो.

१९०१च्या दोन्ही पटांत पाट्याच, म्हणजे दृश्यांच्या मधे येणारा लिखित मजकूरच नाही, त्यामुळे तिथे बोलणारा माणूस लागतोच. त्या काळीही पडद्याशेजारी उभं राहून सांगणारे असत. पुढच्या पटांत इंग्रजी पाट्या आहेत. दहा शब्दांची पाटी साधारण पाच-सहा सेकंद टिकते. मराठीत मोठ्यानं वाचून दाखवणाऱ्यानं सात-आठ शब्दांच्या वर जाऊ नये. पूर्ण भाषांतर वाचायला गेलं की पुढचं दृश्य सुरू होतं आणि हसू कुठे यायचं ते चुकतं. प्रत्येक पाटीला क्रमांक द्या, कागदावर मोठ्या अक्षरात एका ओळीत एकच पाटी लिहा, वाचणाऱ्याला पडद्याच्या बाजूला लहान टॉर्च देऊन बसवा आणि संपूर्ण कार्यक्रम दोनदा चालवून पाहा. 'राजा हरिश्चंद्र'च्या (१९१३) पाट्या एकाहून जास्त भाषांत होत्या, आणि मूकपटांच्या जमान्यात वाचता येणारे प्रेक्षक शेजाऱ्यांना मोठ्यानं वाचून दाखवत. ही रीत आपल्याला नवी नाही.

तांत्रिक बाजू. संच एनटीएससी या अमेरिकेतल्या टीव्ही-चित्राच्या पद्धतीचा आहे, आपल्याकडची पद्धत पाल. आपल्याकडचे बहुतेक प्लेयर आणि प्रोजेक्टर एनटीएससी आणि पाल दोन्ही घेतात, पण जुन्या पालवाल्या टीव्हीवर चित्र काळं-पांढरं थरथरत दिसू शकतं. डीव्हीडी कुठल्या देशांत चालेल याचे विभाग, म्हणजे रिजन, ठरलेले असतात : भारत रिजन ५ मध्ये येतो, अमेरिका १ मध्ये आणि ब्रिटन २ मध्ये. कोणताही परदेशी संच घेण्याआधी मागच्या बाजूचा गोल शिक्का पाहा. ० किंवा 'ऑल' असेल तर चिंता नाही. ब्लू-रेला आकडे नसून अक्षरं असतात : अमेरिका ए, युरोप बी, आपण सी. प्लेयर खरेदी करतानाच 'सगळे रिजन चालतात का' हे विचारून, दुकानातच परदेशी डिस्क लावून पाहावी.

चित्र १.३३ : १ म्हणजे जवळजवळ चौकोनी. १६:९ च्या प्रोजेक्टरवर ते मधल्या पाऊण रुंदीतच बसतं. पडदा ८ फूट रुंद आणि ४.५ फूट उंच असेल तर चित्र ६ बाय ४.५ फूट येईल. दोन्ही बाजूंना काळे पट्टे राहू द्या. 'फुल' किंवा 'वाइड' दाबलं की कॅरी नेशन आडवी फुगते आणि 'झूम' दाबलं की पाटीची वरची-खालची ओळ कापली जाते. टीव्हीवर दाखवत असाल तर मोशन स्मूदिंग बंद करा. नाहीतर शंभर वर्षांपूर्वीची फिल्म आजच्या मालिकेसारखी गुळगुळीत दिसते.

वेगाचा प्रश्न मोठा आहे, आणि मूकपट म्हणजे तुरुतुरु धावणारी माणसं हा समज त्यातूनच आला. ३५ मिमी फिल्मच्या एका फुटात १६ चौकटी (एकेक स्थिर चित्र) असतात, म्हणजे हजार फुटी रिळात १६,०००. सेकंदाला १६ चौकटींनी ते रीळ १६ मिनिटं ४० सेकंद चालतं, तर २४ नं चालवलं की ११ मिनिटं ७ सेकंदांत संपतं. दीडपट वेग. १६ चौकटींची फिल्म २४ च्या व्हिडिओत नीट बसवायची तर दर दुसरी चौकट दोनदा द्यावी लागते, १८ ची असेल तर दर तिसरी. हे काम या संचात डिस्क बनवतानाच झालेलं आहे. फुकट डाउनलोड केलेल्या प्रतींत ते झालेलं असेलच असं नाही. एडिसनचे १९०१चे दोन्ही पट लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या संकेतस्थळावर मोफत आहेत. इतर ठिकाणची प्रत धावताना दिसली तर व्हीएलसी या व्हिडिओ प्लेयरमध्ये वेग ०.६७ (मूळ १६ साठी) किंवा ०.७५ (मूळ १८ साठी) करा आणि आवाज बंद ठेवा, कारण संगीत ओढलं जातं. वेग बरोबर आहे की नाही हे माणसांच्या चालीवरून आणि पडणाऱ्या वस्तूंवरून ओळखावं : सोड्याचा फवारा, खाली येणारी काच. मात्र विनोदी पटांतली झटापट काही वेळा कॅमेरा मुद्दाम सावकाश फिरवून टिपलेली असते, ती पडद्यावर जलद दिसावी म्हणूनच. तिला पूर्ण नैसर्गिक करायला जाऊ नका.

दुसऱ्या डिस्कवर 'प्ले ऑल' दाबू नका. याच डिस्कवर लोइस वेबरचा 'व्हेअर आर माय चिल्ड्रन?' (१९१६) हा गर्भपात आणि संततिनियमनावरचा पूर्ण लांबीचा पट आहे. महत्त्वाचा आहे, पण तो वेगळ्या संध्याकाळचा आणि वेगळ्या चर्चेचा. पट मेनूतून एकेक निवडा. ऑडिओच्या पर्यायात अभ्यासकांचं निरूपण आहे. ते आयोजकांनी आधी ऐकावं, कार्यक्रमात संगीताचाच ट्रॅक ठेवावा. स्थानिक वादक मिळाला तर पेटी आणि ढोलकी पुरे. काच फुटण्याचे आवाज काढायला जाऊ नये, त्यानं सर्कस होते.

दुसरे संच थोडक्यात. ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटची 'मेक मोअर नॉइज!' (२०१५) ही १८९९ ते १९१७ मधल्या २१ पटांची डीव्हीडी फक्त मताधिकाराच्या विषयासाठी घ्यायची असेल तर सरस आहे. पियानो लिलियन हेन्लीचा. त्यातल्या 'मिलिंग द मिलिटंट्स'मध्ये (१९१३) पोरं सांभाळणारा नवरा आपण पंतप्रधान झाल्याचं स्वप्न पाहतो आणि मतवाल्यांना एकेक शिक्षा ठोठावतो. टिलीचे पट तर निर्भेळ आनंद : दोन वाह्यात पोरी, आणि त्यांना धडा शिकवण्याची कुणाला घाई नाही. दारूबंदी मात्र त्यात शोधू नका. किनो लॉर्बरचा 'सिनेमाज फर्स्ट नॅस्टी विमेन' (२०२२) चार डिस्क आणि ९९ पटांचा आहे. दंगेखोर विनोदी नायिकांसाठी तो हवा, चळवळीच्या इतिहासासाठी 'ट्रेझर्स ३' पुढे आहे. चॅप्लिनचा 'अ बिझी डे' (१९१४) 'द मिलिटंट सफ्रजेट' या नावानंही फिरतो. नावाला भुलू नका. बाईचा झगा घातलेला चॅप्लिन त्यात मत्सरी बायको झालाय, मताधिकाराचा त्यात मागमूस नाही. अॅलिस गीचा 'ले रेझुल्ता द्यु फेमिनिझ्म' (म्हणजे 'स्त्रीवादाचे परिणाम', १९०६) मात्र मिळवाच. तो किनोच्या 'गोमाँ ट्रेझर्स'मध्ये आहे. त्यात पुरुष शिवणटिपण करतात, पोरं खेळवतात आणि बायका कॅफेत बसून पितात, सिगारेट ओढतात. शेवटी पुरुष बंड करून कॅफे परत घेतात. एका स्त्रीनं दिग्दर्शित केलेला हा पट 'ट्रेझर्स ३'मधल्या तिन्ही पटांच्या शेजारी लावला की कोण कुणाला हसतंय हे आपोआप दिसतं.

ठाणे-नवी मुंबईत या कार्यक्रमाला चर्चेसाठी विषय उसना आणावा लागत नाही. महाराष्ट्रात दारूचं दुकान बंद करण्यासाठी २५ टक्के महिला मतदारांनी मागणी केली की गुप्त मतदान घेण्याची तरतूद आहे. मतपत्रिकेवर दोनच चिन्हं, उभी बाटली आणि आडवी बाटली. आडवीला ठरलेलं बहुमत मिळालं की दुकानाला टाळं. कॅरी नेशनला जे कुऱ्हाडीनं करावं लागलं ते इथे शिक्क्यानं होऊ शकतं, आणि हे दोन लढे मुळात एकच का होते ते या एका मतपत्रिकेतून कळतं. खारघरकरांनी आपली वसाहत दारूमुक्त राहावी म्हणून वर्षानुवर्षं चळवळ केली आहे. तिथल्या प्रेक्षकांना तर प्रास्ताविकाची गरजच नाही. त्याच प्रास्ताविकात पंडिता रमाबाईंचं नाव यायला हवं : अमेरिकेतल्या मुक्कामात त्यांचा तिथल्या ख्रिस्ती महिलांच्या दारूबंदी संघटनेशी आणि तिच्या अध्यक्ष फ्रान्सिस विलर्ड यांच्याशी जवळचा संबंध आला होता. मुंबई इलाख्यात बायकांना विधिमंडळासाठी मत मिळालं ते १९२१ साली, तेही मालमत्तेच्या अटीवर. १९१२च्या पटांतल्या थट्टेनंतर नऊच वर्षांनी.

वापरलेला संच घेत असाल तर चारही डिस्क आणि पुस्तक आहे का ते विचारून घ्या. पुस्तक नसेल तर निम्मी किंमत गेली. डिस्कची चकचकीत बाजू दिव्याखाली तिरकी धरून पाहा. मधून कडेकडे जाणारे ओरखडे बहुधा चालून जातात, गोलाकार ओरखडे अडकवतात. कुरियर आणि कस्टम धरून हातात पडेपर्यंतची किंमत विक्रेत्याला आधीच लेखी विचारा. खाडीच्या हवेत आणि पावसाळ्यात पुठ्ठ्याच्या खोक्याला बुरशी लवकर धरते. सिलिका जेलच्या दोन पुड्यांसह झाकणाच्या डब्यात ठेवा आणि पुड्या दर पावसाळ्याआधी बदला.

क्रम असा लावा : कॅन्सस, मग मिस्टर नेशन, मग व्यंगचित्र, 'अ लाइव्हली अफेअर', पाठीवर पाटी असलेला गृहस्थ, आणि शेवटी त्याच डिस्कवरचं 'ऑन टु वॉशिंग्टन' (१९१३). हा विनोदी पट नाही, ऐंशी सेकंदांची वृत्तचित्राची फीत आहे. न्यूयॉर्ककडून वॉशिंग्टनला मार्चमधल्या मोठ्या मोर्चासाठी फेब्रुवारीच्या थंडीत पायी निघालेल्या बायका त्यात दिसतात, 'जनरल' रोझली जोन्सच्या मागे. वीस मिनिटं ज्यांची नक्कल पाहिली त्या खऱ्या बायका पहिल्यांदा समोर येतात. ही ऐंशी सेकंदं आवाज बंद करून दाखवा आणि दिवे लगेच लावू नका.